‘कायम’ या शब्दाचा इतिहास

‘कायम’ हा शब्द मराठीत अरबीतून आला. मूळ अर्थ ‘उभा असलेला’. आमच्या कोकणात मात्र हा शब्द विशेषणाऐवजी प्रश्न म्हणूनच अधिक ऐकू येतो. शाळेत नव्याने रुजू झालेल्या मास्तरांना दुकानात, एसटीच्या थांब्यावर, आणि स्थळ पाहायला आलेल्या पाहुण्यांकडून हमखास विचारले जाते, ‘कायम झालात काय?’ या प्रश्नाचे उत्तर देण्यासाठी महाराष्ट्रातल्या शिक्षकांच्या दोन-तीन पिढ्या न्यायालयांच्या पायऱ्या चढल्या. त्या पायऱ्यांचा इतिहास अजून नीटसा कोणी लिहिलेला नाही. साहित्याच्या अभ्यासकांनी या वाटेला का जावे, असे कोणी विचारील. त्याला आमचे उत्तर असे, की हा सारा इतिहास शब्दांचा आहे. कायम, हंगामी, तदर्थ, डावललेला, अतिरिक्त, सेवक या शब्दांच्या अर्थावर माणसांचे संसार अवलंबून राहिले, आणि तो अर्थ लावण्याचे काम भाषेच्या प्राध्यापकांऐवजी न्यायमूर्तींना करावे लागले.

सावंतवाडीतून पाहिले तर या इतिहासात एक योगायोग दिसतो. संस्थान १९४८ मध्ये विलीन झाले आणि सावंतवाडी रत्नागिरी जिल्ह्यात गेली. पुढे १ मे १९८१ रोजी सिंधुदुर्ग हा स्वतंत्र जिल्हा झाला. त्यानंतर अडीच महिन्यांनी, १५ जुलै १९८१ रोजी, ‘महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७’ अमलात आला. म्हणजे आमचा जिल्हा आणि खाजगी शाळेतल्या शिक्षकाची कायदेशीर नोकरी ही एकाच पावसाळ्याच्या आगेमागे जन्मलेली भावंडे आहेत. कायदा विधिमंडळातून बाहेर पडला १९७८ मध्ये, त्याची अंमलबजावणी सुरू व्हायला तीन वर्षे जावी लागली. ही दिरंगाईही पुढच्या इतिहासाची नांदीच म्हणावी लागेल.

त्याआधी काय होते? होती ती ‘माध्यमिक शाळा संहिता’. अनुदान हवे असेल तर संस्थांनी कसे वागावे, याच्या सूचनांचे ते पुस्तक. तिचा भंग झाला तर सरकार अनुदान रोखू शकत होते, पण काढून टाकलेल्या शिक्षकाला त्या संहितेच्या बळावर पुन्हा वर्गात उभे राहता येईलच, अशी खात्री नव्हती. त्याचे संस्थेशी नाते होते ते कराराचे, आणि व्यक्तिगत सेवेचा करार न्यायालय सक्तीने पाळायला लावत नाही, नुकसानभरपाई तेवढी देते, हा इंग्रजी विधिपरंपरेतून आलेला जुना नियम. १९७६ मध्ये उत्तर प्रदेशातल्या वैश्य डिग्री कॉलेजच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा स्पष्ट केला. एखादी संस्था कायद्याखाली नोंदलेली आहे एवढ्यावरून ती कायद्याने निर्माण केलेली ठरत नाही, आणि तिने काढलेला अध्यापक न्यायालयाच्या हुकमाने सहसा परत येत नाही. कोकणातल्या हायस्कुलांना तर हे नेमके लागू पडणारे. इथल्या कितीतरी शाळा गावकऱ्यांनी आणि मुंबईच्या चाकरमान्यांनी पैसा उभारून काढल्या. मंडळाची सभा लालबाग-परळच्या एखाद्या खोलीत, शाळा डोंगराच्या कुशीत, आणि मास्तर दोहोंच्या मध्ये. या मंडळांच्या निष्ठेबद्दल शंका घेण्याचे कारण नाही, त्यांनी शाळा काढल्या नसत्या तर आमच्यापैकी निम्मे आज लिहिते नसते. परंतु निष्ठेने पैसा देणाऱ्या माणसाला मास्तर हा ‘आपण ठेवलेला’ वाटतो, हेही तितकेच खरे.

आमच्या साहित्यानेही या बाबतीत मास्तरांना फारसा हात दिला नाही. केशवसुत आयुष्यभर शाळामास्तर. मुंबईत हंगामी नोकऱ्यांवर दिवस काढून ते खानदेशात गेले, पुढे धारवाडला, आणि १९०५ मध्ये हुबळीत वारले. त्यांच्या कवितेवर लिहिताना आपण क्रांतिकारकत्व मोजतो, त्या हंगामीपणाला चरित्राच्या एका परिच्छेदात निकालात काढतो. पु. लं.चे चितळे मास्तर महाराष्ट्राला घरच्या माणसासारखे ठाऊक आहेत, पण त्यांची सेवापुस्तिका कोणी पाहिली आहे? आदर्श शिक्षक हा आपल्या वाङ्मयात त्यागाने ओळखला जातो, वेतनश्रेणीने नव्हे. हा आदर निखळ आहे यात शंका नाही, पण या आदराची एक किंमत असते, आणि ती कशी वसूल होते हे पाहायला बांद्याच्या पलीकडे, गोव्यात जावे लागते.

गोव्यातल्या एका शाळेतील शिक्षिकेची सेवा १९७५ मध्ये संपुष्टात आणण्यात आली. तिने औद्योगिक विवाद कायद्याखाली दाद मागितली. मधल्या काळात, फेब्रुवारी १९७८ मध्ये, बंगळूर पाणीपुरवठा मंडळाच्या गाजलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने शिक्षणसंस्था हा ‘उद्योग’ ठरवला होता. मग तिथे काम करणारी शिक्षिका ‘कामगार’ ठरेल, असे कोणालाही वाटेल. जुलै १९८८ मध्ये त्याच न्यायालयाने सांगितले, की शाळा उद्योग असली तरी शिक्षक कामगार नाही. त्याचे काम शारीरिक नाही, कारकुनी नाही, तांत्रिक नाही आणि देखरेखीचेही नाही. ते एक व्रत आहे, उदात्त कार्य आहे. गौरव इतका मोठा, की त्याच्या भाराखाली दाद मागण्याचा हक्कच दबून गेला. आमच्या मते शिक्षकी पेशाच्या आधुनिक इतिहासातले हे सर्वांत बोलके वाक्य आहे, आणि ते न्यायमूर्तींनी आपल्या मनाने निर्माण केले असे म्हणता येणार नाही. कथा-कादंबऱ्यांनी, सत्कार समारंभांनी आणि शिक्षकदिनाच्या भाषणांनी ते आधीच तयार करून ठेवले होते. पुढे २००४ मध्ये उपदानाच्या म्हणजे ग्रॅच्युइटीच्या कायद्याखालीही शिक्षक ‘कर्मचारी’ नाही असे ठरले. ती व्याख्या संसदेने २००९ मध्ये, १९९७ पासूनच्या प्रभावाने, बदलली आणि सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये ती वैध ठरवली. शिक्षकाला कर्मचारी ठरायला इतकी वर्षे लागली.

या पार्श्वभूमीवर महाराष्ट्राचा १९७७ चा कायदा वाचावा. (गोव्याने असा स्वतःचा शालेय शिक्षण कायदा १९८४ मध्ये केला.) रूक्ष कलमांतून जुन्या अन्यायाचे ठसे स्पष्ट दिसतात. सातवे कलम घ्या. शिक्षकाला राजीनामा द्यायचा असेल तर त्याने तो दोन प्रतींत लिहावा, दोन्हींवर सही करावी, तारीख घालावी, एक प्रत नोंदणी टपालाने संस्थेला पाठवावी आणि दुसरी आपल्याजवळ ठेवावी. ज्या शाळेत शिक्षक आणि संस्थेचे चिटणीस रोज समोरासमोर भेटतात, तिथे राजीनाम्याला टपालखात्याचा साक्षीदार कशासाठी? नेमणुकीच्या दिवशीच बिनतारखेच्या राजीनाम्यावर सही घेऊन तो कपाटात ठेवण्याची पद्धत ज्यांनी ऐकली आहे, त्यांना हे कोडे पडणार नाही. कलम म्हणजे एका गैरप्रकाराचे उलटे छायाचित्र.

पाचवे कलम या कायद्याचा प्राण. कायम स्वरूपाची जागा रिकामी झाली तर संस्थेने ती पात्र व्यक्तीने भरावी, त्या व्यक्तीला दोन वर्षे परिविक्षेवर ठेवावे, आणि दोन वर्षे पूर्ण झाली की ती कायम झाली असे मानले जावे. ‘मानले जावे’ या क्रियापदात सारी क्रांती आहे. संस्थेने पत्र दिले नाही, चिटणीस रागावले, सभेत ठराव झाला नाही, तरी काळ आपले काम करतो आणि शिक्षक आपोआप ‘कायम’ होतो. नववे कलम त्याला दाद मागण्याचे ठिकाण देते, ते म्हणजे शाळा न्यायाधिकरण. बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती आणि बढतीत डावलले जाणे, या चार तक्रारींसाठी तीस दिवसांत अपील. शक्यतो तीन महिन्यांत निकाल लागावा, अशी कायद्याची अपेक्षा. सावंतवाडीकराच्या दृष्टीने न्यायाधिकरण म्हणजे कोल्हापूर. आंबोलीचा घाट चढून आजऱ्यावरून जाणारी वाट. तिथे जिंकले किंवा हरले, तरी पुढे उच्च न्यायालय, म्हणजे मुंबई. कोकण रेल्वे १९९८ मध्ये पूर्णपणे धावू लागेपर्यंत रात्रभराचा एसटीचा प्रवास. तीन महिन्यांची अपेक्षा कागदावर राहिली आणि प्रकरणे वर्षानुवर्षे चालली, हे सांगायला नकोच.

संस्थांनीही पळवाट काढली. दोन वर्षे पूर्णच होऊ द्यायची नाहीत. जूनमध्ये नेमणूक, एप्रिलअखेर सेवासमाप्ती, पुन्हा जूनमध्ये नवी नेमणूक. मे महिन्याची सुट्टी मुलांना आंब्या-फणसाची, मास्तरांना बेकारीची. नेमणूकपत्रात ‘निव्वळ तात्पुरती’ असे लिहिलेले असले तर केवळ वर्षे उलटली म्हणून पाचव्या कलमाचा लाभ मिळत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये एका संस्थेच्या खटल्यात म्हटले. तेव्हापासून वाद सुरू झाला तो जागेच्या स्वरूपाचा. जागा कायम असताना नेमणूक तात्पुरती देता येते का? मुंबई उच्च न्यायालयात या प्रश्नावर एकाहून अधिक मोठी पीठे बसली. शिक्षकाच्या बाजूने निवाडे झाले, संस्थेच्या बाजूनेही झाले. निवड रीतसर जाहिरातीने झाली होती का, हा प्रश्न क्रमाक्रमाने सर्वांत वजनदार ठरत गेला.

बढतीची गोष्ट याहून वेगळी आणि आम्हांला विचाराल तर अधिक दुःखाची. कायम होण्याच्या लढाईत समोर संस्था असते. बढतीच्या लढाईत समोर शेजारच्या खुर्चीवरचा सहकारी असतो. मुख्याध्यापकाच्या पदासाठी १९८१ च्या नियमावलीतला तिसरा नियम सांगतो, की पात्र, समाधानकारक सेवा असलेला आणि सर्वांत ज्येष्ठ शिक्षक नेमावा. (अल्पसंख्याक संस्थांना आपल्या पसंतीची व्यक्ती नेमण्याची मुभा कायद्यानेच आहे.) ‘सर्वांत ज्येष्ठ’ कोण, हे ठरवते अनुसूची ‘फ’. कोणत्याही शिक्षकखोलीत या एका अक्षराचा उच्चार करावा आणि चहा थंड होताना पाहावा.

ही अनुसूची शिक्षकांना प्रवर्गांच्या शिडीवर उभे करते. नुसती सेवा मोजली जात नाही, त्या त्या प्रवर्गातली सेवा मोजली जाते. उदाहरणादाखल, एक शिक्षक १९८५ मध्ये डी.एड. होऊन पाचवी ते सातवीच्या वर्गांवर रुजू झाला. दुसरी शिक्षिका १९९० मध्ये बी.ए., बी.एड. होऊन त्याच शाळेत आली. पहिल्याने नोकरी सांभाळून पदवी घेतली, पुढे यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठाच्या सेवांतर्गत अभ्यासक्रमातून १९९६ मध्ये बी.एड. केले. आता ज्येष्ठ कोण? गाव म्हणेल पहिला. त्याने पाच पावसाळे अधिक काढले आहेत. अनुसूची म्हणेल दुसरी, कारण प्रशिक्षित पदवीधरांच्या प्रवर्गात ती १९९० पासून आहे आणि तो १९९६ पासून. आणि नेमणूक एकाच दिवशी झाली असेल तर? तर वयाने मोठा तो ज्येष्ठ. डी.एड.वाल्याच्या मूळ नेमणुकीची तारीख धरायची की बी.एड.ची, या प्रश्नाने उच्च न्यायालयात आणि प्रसंगी सर्वोच्च न्यायालयापर्यंत इतके खटले नेले, की शिक्षणशास्त्राच्या पदव्यांचा निम्मा इतिहास त्या निकालपत्रांतून लिहिता येईल.

नियम बारावा म्हणतो, ज्येष्ठतेची यादी दरवर्षी फिरवावी आणि प्रत्येकाची तारखेसह सही घ्यावी. हरकत असेल तर ती विचारात घ्यावी आणि वाद उरला तर शिक्षणाधिकाऱ्यांकडे पाठवावा. ही सही अनेकांना नडली. दहा-पंधरा वर्षे यादी समोर येते, मास्तर तास संपवून घाईने सही करतात, आणि मुख्याध्यापक निवृत्त व्हायच्या वर्षी त्यांच्या लक्षात येते, की आपण खालच्या क्रमांकापुढे इतकी वर्षे निमूट सही करीत आलो. संस्थेच्या चार गावांत चार शाळा असतील तर यादी एकत्र, म्हणजे दोडामार्गच्या बाजूच्या शाळेतला अपरिचित गृहस्थ अचानक ‘ज्येष्ठ’ म्हणून प्रकट व्हायचा. वाद न्यायाधिकरणात गेला की शाळेत दोन गट पडत. प्रभारी मुख्याध्यापक म्हणून एकाने सही करायची आणि दुसऱ्याने ती मान्य करायची नाही, अशा अवस्थेत काही शाळांनी वर्षे काढली. पदोन्नतीतल्या आरक्षणाचा प्रश्न यातच मिसळलेला आहे. ४ ऑगस्ट २०१७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने राज्याचा २००४ चा त्यासंबंधीचा शासननिर्णय रद्द ठरवल्यापासून तो अधिकच गुंतला. त्यावर स्वतंत्रपणेच लिहावे लागेल.

इथवरच्या कहाणीत सरकार पंचाच्या खुर्चीवर होते. २००० च्या आसपास ते उठून मैदानात आले. नव्या शिक्षकाला पूर्ण वेतन न देता तीन वर्षे मानधनावर ठेवायचे आणि त्याला ‘शिक्षण सेवक’ म्हणायचे, ही योजना त्या वर्षी आली. पुढे २००७ मध्ये ती अधिनियमातच घालण्यात आली. शिक्षक हा शब्द न वापरता शिक्षक नेमण्याची ही युक्ती भाषेच्या दृष्टीने अभ्यासावी अशीच आहे. ‘सेवक’ शब्दात पुन्हा तेच व्रत, तीच उदात्तता, आणि वेतनश्रेणीची गैरहजेरी. मानधन प्राथमिकला ६,०००, माध्यमिकला ८,००० आणि उच्च माध्यमिकला ९,००० रुपये इतके दीर्घकाळ राहिले. २०२३ मध्ये ते अनुक्रमे १६,०००, १८,००० आणि २०,००० झाले.

त्याहून विलक्षण शब्दयोजना आली ती नव्या शाळांच्या परवानगीत, ‘कायम विनाअनुदानित’. ज्या शब्दासाठी शिक्षक झगडत होते तो शब्द सरकारने दिला खरा, पण तो शिक्षकाऐवजी अनुदानाच्या अभावाला चिकटवून दिला. शाळा कायमची बिनपैशाची आणि तिथला मास्तर कायमचा तात्पुरता. जुलै २००९ मध्ये ‘कायम’ हा शब्द वगळण्यात आला. एक विशेषण काढून टाकले म्हणून आनंद साजरा झाल्याचे उदाहरण मराठीच्या इतिहासात दुसरे नसावे. नंतर अनुदानाचे टप्पे सुरू झाले, वीस टक्के, चाळीस टक्के असे. त्यातून निवृत्तिवेतनाचा नवा वाद उभा राहिला. १ नोव्हेंबर २००५ पूर्वी नेमलेला, पण शाळेला पूर्ण अनुदान त्यानंतर मिळालेला शिक्षक जुन्या निवृत्तिवेतनाचा धनी की नव्या योजनेचा? नेमणूक एका युगातली, अनुदान दुसऱ्या युगातले.

‘मान्यता’ हा या काळाचा मुख्य शब्द. संस्थेने नेमले, शिक्षक शिकवू लागला, पण शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता आली नाही तर पगार नाही. मान्यता नाही म्हणून नेमणूकच नाही, असे संस्था न्यायाधिकरणात बिनदिक्कत सांगू लागल्या. आपणच पाठवलेल्या प्रस्तावातल्या त्रुटीचा लाभ आपणच घ्यायचा. सेंट उलाई हायस्कूलच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने हा युक्तिवाद नाकारला. मान्यता हा अनुदानाचा विषय आहे, ती नाही म्हणून नेमणूक अवैध ठरत नाही, असा त्याचा सारांश. शिक्षकांच्या बाजूने झालेल्या निवाड्यांत आम्ही याला फार वरचे स्थान देतो. पण हक्क आणि पगार हे दोन निरनिराळे पदार्थ आहेत. २ मे २०१२ च्या शासननिर्णयाने भरती थांबली. इंग्रजी, गणित आणि विज्ञान यांना वाट ठेवण्यात आली, भाषा आणि समाजशास्त्रांना नाही. मराठीच्या शिक्षकावाचून मराठी शाळा चालू शकते, हे त्या वर्षी आम्हांला कळले. त्या तारखेनंतर संस्थांनी केलेल्या नेमणुका मान्यतेसाठी अडल्या आणि याचिकांचा नवा लोंढा सुरू झाला.

याच काळावर दिल्लीहून एक सावली पडली होती. १० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने उमादेवी प्रकरणात सांगितले, की सार्वजनिक नोकरीत मागच्या दाराने आलेल्यांना केवळ दीर्घ सेवेमुळे कायम करता येणार नाही. संधीची समानता सर्वांना आहे, रांगेत उभ्या राहिलेल्या अनोळखी उमेदवारालाही. हा युक्तिवाद चुकीचा आहे असे आम्ही म्हणणार नाही. नेमणुकीसाठी ‘देणगी’ कशी मोजली जाते हे ज्यांनी ऐकले आहे, त्यांना जाहिरातीचा आग्रह समजतो. पण त्याच निकालात मंजूर पदांवर दहा वर्षे काढलेल्या अनियमित, पण अवैध नसलेल्या कर्मचाऱ्यांना एकदाच सामावून घेण्याची सूचना होती, ती सरकारी वकिलांच्या तोंडून क्वचितच ऐकू आली. डिसेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेच एका प्रकरणात बजावले, की उमादेवी निकाल दीर्घ सेवा केलेल्यांविरुद्ध शस्त्र म्हणून वापरू नये. आम्ही महाविद्यालयातले लोकही यातून सुटलेलो नाही. नेट-सेट नसताना १९९१ ते २००० या काळात नेमलेल्या प्राध्यापकांची सेवा २०१३ च्या शासननिर्णयाने नियमित झाली, ती नेमणुकीच्या तारखेपासून नव्हे, आणि तासिका तत्त्वावरचा प्राध्यापक तर मे महिन्यातल्या त्या जुन्या मास्तरांचाच थोरला भाऊ.

आता सिंधुदुर्गाकडे वळू. इथे प्रतिस्पर्ध्याने पुन्हा रूप पालटले आहे. २००१ च्या जनगणनेत जिल्ह्याची लोकसंख्या ८,६८,८२५ होती, २०११ मध्ये ती ८,४९,६५१ झाली. देशाची वाढत होती तेव्हा आमची घटली. मुले मुंबईला, पुण्याला, गोव्याला. बाकावर मुले नाहीत तर संचमान्यतेत पद नाही, आणि पद नाही तर कायम शिक्षक ‘अतिरिक्त’. पाचव्या कलमाने मिळालेले कायमपण शाबूत आहे, ज्या जागेवर ते उभे होते ती जागाच खालून निघून जाते. बढतीचेही तेच. शिक्षण हक्क कायद्याच्या परिशिष्टानुसार पूर्णवेळ मुख्याध्यापकाचे पद प्राथमिकला दीडशेहून अधिक आणि उच्च प्राथमिकला शंभराहून अधिक मुलांवर अवलंबून. आमच्या वाड्या-वस्त्यांवरच्या जिल्हा परिषद शाळांत हा आकडा कुठून आणायचा? त्यामुळे ज्येष्ठतेची यादी बिनचूक असूनही वरची पायरी नाही, ही अवस्था. तीत डावलणारा कोणीच नसतो, म्हणून नववे कलमही मदतीला येत नाही.

ऑगस्ट २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ कोल्हापुरात सुरू झाले आणि सिंधुदुर्ग त्याच्या कक्षेत आला. न्यायाधिकरण आणि उच्च न्यायालय अशी दोन्ही दारे आमच्यासाठी एका घाटाच्या अंतरावर आली. त्यानंतर पंधरवड्यातच, १ सप्टेंबर २०२५ रोजी, सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात शिक्षक पात्रता परीक्षेचा निकाल दिला. निवृत्तीला पाच वर्षांहून अधिक काळ असलेल्या सेवेतल्या शिक्षकांनीही ती परीक्षा दोन वर्षांत उत्तीर्ण व्हावे, अन्यथा सेवा सोडावी. पाच वर्षांहून कमी काळ उरलेल्यांनी निवृत्तीपर्यंत शिकवावे, पण परीक्षेशिवाय पदोन्नती मागू नये. अल्पसंख्याक संस्थांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे गेला. गुणवत्तेचा आग्रह आम्हांला परका नाही, तरी आकडा लक्षात घ्यावा असा आहे. १९८१ मध्ये कायद्याने शिक्षकाकडे दोन वर्षे मागितली होती आणि त्या बदल्यात त्याला कायम केले होते. वीस-पंचवीस वर्षे कायम असलेल्यांकडे आता पुन्हा दोनच वर्षे मागितली आहेत. ज्यांनी अनुसूची ‘फ’ पाठ केली होती, त्या शिक्षकखोल्यांतून आता बालमानसशास्त्राची मार्गदर्शक पुस्तके दिसू लागली आहेत, आणि ती वाचणाऱ्यांत काहीजण यादीत पहिल्या क्रमांकावर आहेत.